भाजलेला भोपळा, शिजलेला मसूर : पानगळीतील एका वाडग्याचा इतिहास

१/
सप्टेंबर सरता सरता उत्तर अमेरिकेत मेपलची पाने तांबडी होऊ लागतात आणि तिथल्या पाककलेच्या मासिकांत दरवर्षी तोच एक वाडगा अवतरतो. ओव्हनमध्ये भाजून कडा काळसर झालेल्या भोपळ्याच्या केशरी फोडी, त्यांखाली हिरवट-काळे अख्खे मसूर, वर भोपळ्याच्याच बिया, थोडे चीज आणि मोहरी फेटलेल्या व्हिनेगरचा शिडकावा. नावे बदलत राहतात, ओळख एकच : पानगळीचे सॅलड.

२/
कृती चार ओळींत संपते. तिच्यातील दोन मुख्य पदार्थांचा इतिहास मात्र दहा हजार वर्षांचा आहे, आणि त्यातील जवळजवळ सारा काळ ते परस्परांना अनोळखी होते. भोपळा अमेरिका खंडाचा, मसूर पश्चिम आशियाचा. १४९२ पूर्वी पृथ्वीवरील कोणत्याही चुलीवर हे दोघे एकत्र शिजणे शक्यच नव्हते. आज उत्तर अमेरिकेच्या मैदानी प्रदेशात दोघांचीही भूमी आहे. तो योग कसा जुळला, याची ही हकीकत.

३/
आरंभ भोपळ्यापासून. त्याचे रानटी पूर्वज चेंडूएवढे, कठीण सालीचे आणि असह्य कडू होते. हा कडूपणा कुकुर्बिटासिन नावाच्या द्रव्याचा. कधी एखादी काकडी वा दुधी कडू निघतो तोही त्याच कुळातील द्रव्यामुळे. लहान प्राण्यांना ते फळ सोसत नसे. मात्र हत्तीच्या नात्यातील मॅस्टोडॉनसारखे अजस्र प्राणी ते सालीसकट गिळत आणि बिया दूरवर टाकून जात. फ्लोरिडात सापडलेल्या मॅस्टोडॉनच्या प्राचीन शेणात या बिया मिळाल्या आहेत.

४/
हिमयुगाच्या अखेरीस ते प्राणी नामशेष झाले. बिया वाहून नेणारा उरला नाही आणि रानटी भोपळ्यांचे क्षेत्र आक्रसत गेले. २०१५ साली प्रसिद्ध झालेल्या जनुकीय अभ्यासाचा निष्कर्ष असा, की ज्या वाणांनी माणसाची सोबत धरली तेच तगले. त्यांचे कित्येक रानटी भाईबंद लोप पावले किंवा विरळ झाले. मॅस्टोडॉनची जागा माणसाने घेतली, असेही म्हणता येईल.

५/
ही सोबत किती जुनी? मेक्सिकोतील ओआहाका प्रांतात गिला नाकित्झ नावाची एक लहानशी गुहा आहे. केंट फ्लॅनरी यांनी १९६६ मध्ये तिचे उत्खनन केले. तिथल्या भोपळ्याच्या बियांचे वय ब्रूस स्मिथ यांनी नव्या पद्धतीने ठरवले आणि १९९७ मध्ये जाहीर केले : सर्वांत जुन्या बिया सुमारे १०,००० वर्षांपूर्वीच्या. रानटी बियांहून त्या आकाराने मोठ्या होत्या, म्हणजे कोणीतरी निवडून पेरलेल्या. त्या परिसरात मका आणि घेवडा माणसाळण्याच्या कितीतरी आधीची ही गोष्ट.

६/
आरंभी हे फळ गरासाठी लावले गेले नसावे. गर पातळ आणि कडू होता. बिया खाण्यासाठी आणि वाळलेली कवटी भांडे म्हणून, हाच त्याचा उपयोग असावा. गोड, जाड गर ही पुढच्या शेकडो पिढ्यांच्या निवडीची कमाई. सॅलडवर आज शोभेसाठी भुरभुरल्या जाणाऱ्या बिया म्हणजे या पिकाचे मूळ अन्न.

७/
इंग्रजीतील 'स्क्वॉश' हा शब्दही तिथल्याच मातीचा. रॉजर विल्यम्स यांनी १६४३ साली नॅरागॅन्सेट लोकांच्या भाषेवर पुस्तक लिहिले, त्यात 'अस्कुटास्क्वॉश' हा शब्द नोंदला आहे. त्याचा अर्थ साधारणपणे 'हिरवे, कच्चे खाण्याचे' असा. वसाहतवाल्यांनी शब्दाचे डोके छाटून शेपूट तेवढे ठेवले. ओव्हनमध्ये पाऊण तास भाजल्या जाणाऱ्या फळाला आज 'कच्चे खाण्याचे' म्हणून हाक मारली जाते, याची कोणाला आठवणही नाही.

८/
आजच्या न्यूयॉर्क राज्यात राहणाऱ्या हौडेनोशौनी, म्हणजे इरोक्वॉय, लोकांची शेती मका, घेवडा आणि भोपळा या तीन बहिणींवर उभी होती. मक्याच्या ताटावर घेवडा चढे. घेवड्याच्या मुळांवरील गाठींतले जिवाणू हवेतील नत्र जमिनीत धरून ठेवत. भोपळ्याची रुंद पाने माती झाकून ओल टिकवत आणि तणाला डोके वर काढू देत नसत. पेरणी, राखण, कापणी, साठवण सारे स्त्रियांच्या हाती. शेतावरचा अधिकारही त्यांचाच.

९/
अमेरिकन स्वातंत्र्ययुद्धात या सहा राष्ट्रांपैकी बहुतेकांनी ब्रिटिशांची बाजू घेतली. १७७९ च्या उन्हाळ्यात जॉर्ज वॉशिंग्टन यांनी सेनापती जॉन सलिव्हन यांना त्यांच्या प्रदेशात धाडले. हुकूम केवळ लढाईचा नव्हता. वस्त्यांचा संपूर्ण विध्वंस करावा, उभी पिके नष्ट करावीत आणि पुन्हा पेरणी होऊ देऊ नये, अशी लेखी आज्ञा होती.

१०/
मोहीम ऑगस्ट-सप्टेंबरात झाली, म्हणजे नेमकी पीक तयार होण्याच्या वेळी. चाळीसहून अधिक गावे जाळली गेली. सलिव्हन यांच्या अहवालात नष्ट केलेल्या मक्याचा आकडा किमान १,६०,००० बुशेल आहे. एक बुशेल म्हणजे सुमारे ३५ लिटर. फळबागा तोडल्या, घेवड्याचे आणि भोपळ्याचे वेल उपटले. सैनिकांच्या रोजनिशांत या शेतांच्या समृद्धीविषयीचे आश्चर्य आणि ती उद्ध्वस्त केल्याची नोंद एकाच पानावर आढळते.

११/
त्यानंतरचा हिवाळा भयंकर थंडीचा होता. हजारो निर्वासित नायगारा किल्ल्याच्या आश्रयाला गेले, कित्येक भुकेने आणि गारठ्याने मेले. १७९० साली सेनेका प्रमुख कॉर्नप्लांटर वॉशिंग्टन यांच्यासमोर उभा राहिला तेव्हा त्याने तोंडावर सांगितले की आमच्या लोकांनी तुमचे नाव 'नगरसंहारक' ठेवले आहे. ज्या प्रदेशाचे पीक तेव्हा कापून जाळले गेले, तिथेच आज दर पानगळीत भोपळ्यांच्या जत्रा भरतात.

१२/
आता पश्चिमेकडे, मिसूरी नदीच्या वरच्या खोऱ्यात, आजच्या नॉर्थ डकोटा राज्यात जायला हवे. मँडन, हिडात्सा आणि अरिकारा हे इथले शेतकरी समाज. नदीकाठच्या मळईच्या मातीत, अतिशय आखूड उन्हाळ्यात तयार होणारे मक्याचे, घेवड्याचे आणि भोपळ्याचे वाण त्यांनी सिद्ध केले होते. त्याहून उत्तरेला या खंडात शेती जवळजवळ नव्हतीच.

१३/
१८३७ मध्ये फर व्यापाऱ्यांच्या आगबोटीबरोबर या खोऱ्यात देवीची साथ आली. दीड-दोन हजार मँडनांपैकी जेमतेम सव्वाशे-दीडशे उरले. संस्कृत वैद्यकात या रोगाचे नाव 'मसूरिका', कारण अंगावरचे फोड मसुराच्या दाण्यांसारखे. 'माधवनिदाना'त त्यावर स्वतंत्र प्रकरण आहे. मिसूरीच्या काठावर मसुराचा दाणा पोचण्याच्या कितीतरी आधी, त्याच्या नावाचा रोग पोचला होता.

१४/
साथीनंतर तीन वर्षांनी एका हिडात्सा मातीघरात मॅक्सिडिविआक जन्मली. इंग्रजी जगाला ती 'बफेलो बर्ड वुमन' म्हणून ठाऊक आहे. वाचलेल्या लोकांनी मिळून १८४५ मध्ये 'लाइक अ फिशहुक' हे नवे गाव वसवले. नदीच्या गळासारख्या वळणावर ते होते. तिथे ती आजीच्या आणि आयांच्या हाताखाली शेती शिकली.

१५/
गिल्बर्ट विल्सन या अभ्यासकाला तिने आपली सारी कृषिविद्या सांगितली. तिचा मुलगा एडवर्ड गुडबर्ड दुभाष्या होता. १९१७ साली तो ग्रंथ मिनेसोटा विद्यापीठाने छापला. एका शेतकरीण बाईने, वर्षचक्राच्या क्रमाने, अवजारापासून कोठारापर्यंत सांगितलेली शेती या तपशिलात फार थोड्या ठिकाणी नोंदली गेली आहे. पदवी विल्सन यांना मिळाली, विद्या मात्र तिची होती.

१६/
भोपळ्याविषयी ती सांगते ते वाचण्याजोगे आहे. बी थेट मातीत टाकत नसत. आधी ओलसर पाल्यात गुंडाळून, उबेत ठेवून मोड आणत. फळे कोवळी असतानाच, धरल्यापासून चारेक दिवसांत, टोपल्या भरभरून खुडत. बायसनच्या खांद्याच्या हाडापासून केलेल्या सुरीने त्यांच्या बोटापेक्षाही पातळ चकत्या करत, त्या विलोच्या काड्यांवर ओवून उंच मचाणावर वाळवत. हिवाळ्यात घेवड्याबरोबर ते उकळत. कोकणात आणि देशावर ज्यांनी सांडगे, कुरडया वा भाज्यांच्या काचऱ्या वाळवल्या आहेत, त्यांना यातली घाईगर्दी वेगळी समजावून सांगायला नको.

१७/
लहान मुली त्या ढिगातून रंगीत, चट्ट्यापट्ट्याचे भोपळे उचलून त्यांच्या बाहुल्या करत, हेही ती सांगते. मक्याच्या राखणीला मुली शेतातल्या माळ्यावर बसून गाणी म्हणत. बियाण्यासाठी मात्र वेलावर पूर्ण पिकलेली निवडक फळे वेगळी ठेवत. गर खाल्ला जाई, बी जपले जाई.

१८/
१९३२ साली ती वारली. पुढचे तिने पाहिले नाही. मिसूरीवर गॅरिसन धरण बांधण्यासाठी फोर्ट बर्थोल्ड आरक्षित प्रदेशातील दीड लाखांहून अधिक एकर जमीन घेण्यात आली, आणि तीही नदीकाठची, कसदार. २० मे १९४८ रोजी वॉशिंग्टनमध्ये करारावर सही होत असताना जमातींचे अध्यक्ष जॉर्ज जिलेट चष्मा काढून, तोंड झाकून रडत असल्याचे छायाचित्र प्रसिद्ध आहे. सही करणारे मंत्री मान खाली घालून लिहीत आहेत.

१९/
१९५३ पासून पाणी चढू लागले. एल्बोवुड्स हे गाव, तिथली शाळा-इस्पितळ, 'लाइक अ फिशहुक'ची जागा, बागांच्या मळया, सारे बुडाले. बहुसंख्य कुटुंबांना वरच्या वाऱ्या-वादळाच्या कोरड्या माळावर जावे लागले; तिथे ती जुनी बागशेती होण्यासारखी नव्हती. जलाशयाला नाव देण्यात आले साकाकविया, हिडात्सांमध्येच राहिलेल्या एका स्त्रीचे. या उपचाराला सन्मान म्हणावे की चेष्टा, हे ज्याने त्याने ठरवावे.

२०/
आता मसूर. याचे माहेर सीरिया, तुर्कस्तान, पॅलेस्टाइनचा अर्धचंद्राकृती सुपीक पट्टा. रानटी मसुराची शेंग वाळताच फुटून दाणे विखुरते, आणि त्यातले बहुतेक दाणे कठीण सालीमुळे पहिल्या वर्षी उगवतच नाहीत. पेरावे आणि उगवू नये, असे पीक कोण लावेल? न फुटणारी शेंग आणि लगेच रुजणारा दाणा हे दोन गुण हाती आले तेव्हाच मसुराची शेती परवडू लागली असणार.

२१/
गॅलिलीतील यिफ्ताहेल या नवाश्मयुगीन वस्तीत सुमारे १४ लाख दाण्यांचा साठा सापडला. त्यात शेतातच वाढणाऱ्या एका तणाचे बी मिसळलेले होते. म्हणजे मसूर रानातून वेचलेला नव्हता, पेरून काढलेला होता. पुढे तो सर्वत्र गरिबाचे अन्न झाला. बायबलमधला एसाव भुकेपोटी थोरलेपणाचा हक्क विकतो तो मसुराच्या आमटीसाठीच. सम्राट कॅलिग्युलाने इजिप्तमधून रोमला ओबेलिस्क नेला तेव्हा जहाजाचा तोल राखण्यासाठी १,२०,००० मोडियस मसूर भरला होता, असे प्लिनी लिहितो. तो ओबेलिस्क आज व्हॅटिकनच्या चौकात उभा आहे.

२२/
भिंगाला 'लेन्स' म्हणतात तेही मसुरामुळे. दोन्ही बाजूंनी फुगीर काचेचा आकार त्या दाण्यासारखा, आणि मसुराचे लॅटिन नाव 'लेन्स'.

२३/
महाराष्ट्रात मसूर फार जुना. घोड नदीकाठच्या इनामगावला डेक्कन कॉलेजने केलेल्या उत्खननात इ.स.पू. १६०० ते ७०० या काळातील वस्तीत बार्ली, गहू, कुळीथ यांबरोबर मसुराचे जळके दाणे मिळाले. तरीही अनेक सोवळ्या स्वयंपाकघरांनी त्याला तामसी ठरवून दाराबाहेर ठेवले. कराड-इस्लामपूरकडच्या ढाब्यांनी मात्र अख्ख्या मसुराला जो मान दिला, त्याने ही कसर भरून निघाली.

२४/
फ्रान्समध्ये वेलेच्या ज्वालामुखीय पठारावरील ल प्वीच्या हिरव्या मसुराला १९९६ मध्ये उगमस्थानदर्शक संरक्षण मिळाले. शिजल्यावरही दाणा अखंड राहतो, म्हणून सॅलडसाठी तोच आदर्श मानला जातो. गरिबाच्या दाण्याला मिळालेली ही सरदारकी. पण जगाच्या ताटातला बहुतेक मसूर तिथला नाही.

२५/
तो कॅनडाच्या सस्कॅचेवान प्रांताचा. १९७० च्या सुमारास तिथे गहू इतका पिकला की कोठारे ओसंडली आणि विकत घेणारा मिळेना. त्यातच दर एक-दोन वर्षांनी जमीन पड टाकण्याच्या रिवाजाने माती खंगत होती. १९७२ मध्ये सस्कॅचेवान विद्यापीठात आलेल्या अल स्लिंकार्ड यांनी डाळवर्गीय पिकांवर काम सुरू केले. १९७८ साली 'लेअर्ड' आणि १९८० मध्ये 'एस्टन' हे मसुराचे वाण निघाले. पड टाकण्याऐवजी मसूर पेरावा, पैसाही येतो आणि नत्रही. हे गणित शेतकऱ्यांना पटले. एका पिढीत कॅनडा मसुराचा सर्वांत मोठा निर्यातदार झाला, आणि भारत त्याचा मोठा ग्राहक.

२६/
हा धागा किती ताणलेला आहे ते २०१७ मध्ये दिसले. देशात डाळींचे भाव कोसळले म्हणून त्या डिसेंबरात भारताने मसुरावर ३० टक्के आयात शुल्क लावले आणि सस्कॅचेवानच्या शेतकऱ्याने पुढच्या हंगामात काय पेरावे याचा हिशेब दिल्लीच्या एका अधिसूचनेने बदलला. सांगली-साताऱ्याच्या ढाब्यावरचा दाणा अनेकदा त्याच प्रांतातून आलेला असतो.

२७/
सीमेच्या अलीकडे, माँटाना आणि नॉर्थ डकोटातही आता मसुराची मोठी शेती आहे. म्हणजे ज्या मैदानाच्या नदीकाठी हिडात्सा बायकांच्या भोपळ्याच्या बागा बुडाल्या, त्याच मैदानाच्या माळांवर पश्चिम आशियाचा मसूर डोलतो. वाडग्यातली ही भेट तिथे घडते.

२८/
आणि मसुराचे माहेर? अलेप्पोच्या दक्षिणेला तेल हाद्या येथे इकार्डा या आंतरराष्ट्रीय संशोधन संस्थेची बीजपेढी होती. मसूर, हरभरा, गहू, बार्ली यांचे हजारो जुने आणि रानटी नमुने तिथे जपलेले. सीरियातील युद्धाने संस्थेला ते ठिकाण सोडावे लागले. सुदैवाने त्यापूर्वीच बहुतेक नमुन्यांच्या प्रती नॉर्वेतील स्वालबार्डच्या बर्फाळ तिजोरीत रवाना झाल्या होत्या. २०१५ मध्ये त्या परत मागवल्या गेल्या. त्या तिजोरीतून झालेली ती पहिलीच उचल. लेबनॉन आणि मोरोक्कोत पेरून नवे बी केले आणि २०१७ पासून पुन्हा तिकडे ठेवायला सुरुवात झाली.

२९/
भारतातला लाल भोपळाही परदेशी, युरोपीय जहाजांच्या वाटेने आलेला. 'भोपळा' हा शब्द आधी वीणेला लागतो त्या दुध्या भोपळ्याचा. पाहुण्याला स्वतःचे नाव मिळाले नाही. त्याने घरच्यांची नावे वापरली. कुठे तांबडा भोपळा, कुठे डांगर, विदर्भात कोहळे, तर गोव्यात चक्क दुदी. नवरात्रात घारग्यांसाठी किसला जाणारा भोपळा अमेरिका खंडाचा वंशज आहे, हे सहसा कोणाच्या मनात येत नाही.

३०/
म्हणून हा वाडगा महाराष्ट्रात करण्यास काही अडचण नाही. पाश्चात्त्य कृतींतला 'बटरनट' हा १९४० च्या दशकात मॅसॅच्युसेट्समध्ये तयार झालेला वाण. इथला लाल भोपळा बहुधा त्याच कुकुर्बिटा मोस्काटा जातीचा. कापलेली ताजी फाक घेण्यापेक्षा महिनाभर ठेवलेला अख्खा भोपळा बरा, कारण साठवणीत त्यातल्या पिष्टाची साखर होते. साल काढून इंचभर फोडी कराव्यात, तेल-मीठ चोळावे आणि २०० अंशांवर, एकमेकींना न चिकटता, अर्धा-पाऊण तास भाजाव्यात. गर्दी केल्यास त्या वाफवल्या जातात, भाजल्या जात नाहीत. ओव्हन नसेल तर जाड लोखंडी तवा आणि मंद आच.

३१/
मसूर अख्खाच हवा. डाळीची आमटी होईल. भरपूर पाण्यात, झाकण न ठेवता, दाणा बोटचेपा होताच उतरवावा. कुकरच्या शिट्टीचा मोह टाळलेला बरा. लिंबू वा व्हिनेगर आधी घालू नये, आंबटाने साल कडक राहते आणि दाणा शिजत नाही. निथळून गरम असतानाच आंबट-तेलाचे मिश्रण ओतावे, तेव्हाच ते आत मुरते. मग भोपळा, कांद्याचे पातळ काप, मूठभर कोथिंबीर.

३२/
भोपळा चिरताना निघालेल्या बिया धुऊन, वाळवून, तव्यावर तडतडेपर्यंत भाजून वर पसराव्यात. चार-सहा टपोऱ्या बिया मात्र भाजण्याआधी बाजूला काढून सावलीत वाळवाव्यात. पुढच्या जेठात परसात लागतील.

(समाप्त)